पर्मनंट आहे का?

शेंद्र्याच्या पंचक्रोशीत पाहुणे मुलगा बघायला निघण्याआधीच फोनवर विचारून घेतात: पोरगा पर्मनंट आहे का कंत्राटी? शेतीचं मागाहून निघतं, आणि कोरडवाहू म्हटलं की बोलणं तिथंच आटपतं.

छत्रपती संभाजीनगरहून जालन्याला जाणाऱ्या रस्त्यावरच्या या गावाशेजारी २००१ मध्ये स्कोडाचा कारखाना सुरू झाला, पुढे दिल्ली-मुंबई औद्योगिक कॉरिडॉरमधलं ऑरिक हे उद्योगनगर आलं. त्यात गेलेल्या रानाला एकरी २३ लाखांचा भाव मिळाला. भावाभावांत वाटण्या झाल्या, स्लॅबची घरं उठली, बहिणींची लग्नं थाटात लागली. ज्यांचं रान उरलं नाही ती पोरं ठेकेदाराकडं लागली. काही महिने काम, मग ब्रेक. ब्रेकमधल्या पोराला मुलगी कोण देणार?

मुली लोभी झाल्यात, असं पारावर सर्रास बोलतात. हे बोलणं अन्यायाचं आहे. जिनं कापूस वेचून ओरबाडलेली आईची बोटं पाहिली, बापाला बँकेच्या नोटिसा वाचून दाखवल्या, ती शेतकरी नवरा नको म्हणते ते सगळं भोगून.

डिसेंबर २०२२ मध्ये सोलापुरात बाशिंग बांधलेले तरुण घोड्यांवर बसून जिल्हाधिकारी कचेरीवर गेले. लग्नाला मुली मिळेनात, ही त्यांची तक्रार. लोक हसले. पण त्या वरातीमागे शेतमालाचे पडलेले भाव होते, आणि गर्भातच संपवलेल्या मुलीही.

बीड-जालन्याकडं उलटंच. ऊसतोडीत नवरा-बायको मिळून एक कोयता धरतात. मुकादम उचल, म्हणजे आगाऊ पैसे, देतो ती जोडीला. म्हणून पोरीपोरांची लग्नं कोवळ्या वयात उरकली जातात. हा सौदाच. तरीही भल्या पहाटे फडात तो तोडतो, ती मोळी बांधते, आणि मोळी डोक्यावर देण्याआधी तो तिची चुंबळ हातानं नीट बसवतो. मुकादमाच्या वहीत याची नोंद नसते.

शेंद्र्यात आता मुलीही कंपनीत जातात. कॅन्टीनच्या रांगेत ओळखी होतात. जात वेगळी निघाली की दोन्ही घरं बंद होतात, मग ही दोघं नोंदणी विवाह करून कुंभेफळला पत्र्याची खोली भाड्यानं घेतात. तो रात्रपाळीहून येतो तेव्हा ती दिवसपाळीला निघालेली असते. दारातच डबा या हातातून त्या हातात जातो. नियमांत बसणाऱ्या आंतरजातीय जोडप्याला सरकार ५० हजार रुपये देतं. ते वेळेवर हाती पडले तर खोलीचं डिपॉझिट, शेगडी आणि पहिला ब्रेक निभावतो.