हॉटेलातली तारामती

मागच्या वर्षीच्या स्नेहसंमेलनाची ही गोष्ट. आमची शाळा भोसरीत. निम्म्याहून जास्त मुलांचे वडील एमआयडीसीत शिफ्टला जाणारे. नाटकात तारामती होणाऱ्या मुलीच्या वडिलांना चाकणला नोकरी लागली आणि आठ दिवस आधी तिने शाळा सोडली. तिचे संवाद चौथीतल्या एका मुलालाच पाठ होते. मी त्याला उभे केले. लुगडे नेसून तो आला, तशी मागची पोरे “ए बाई!” म्हणून ओरडली. आणि खरे सांगते, हसू मलाही आले. त्याने ते पाहिले. दुसऱ्या दिवशी तो शाळेत आलाच नाही.

संध्याकाळी त्याच्या घरी गेले. तो दाराआड उभा. “मी हसले ते चुकलंच रे,” म्हटले, तरी गप्प. मग मी त्याला अण्णा साळुंक्यांची गोष्ट सांगितली.

दादासाहेब फाळके ‘राजा हरिश्चंद्र’ची तयारी करत होते. बाकीची पात्रे मिळाली, तारामती काही मिळेना! सिनेमात काम करणे तेव्हा बायकांना कमीपणाचे वाटे. जाहिराती देऊन झाल्या, उपयोग नाही. शेवटी मुंबईत ग्रँट रोडच्या एका हॉटेलात काम करणारे अण्णा त्यांना दिसले. अंग सडपातळ, हात नाजूक. पगार महिना १० रुपये. दादासाहेबांनी १५ देऊ केले म्हणतात. ३ मे १९१३ ला गिरगावच्या कॉरोनेशन थिएटरात सिनेमा लागला, तेव्हा लोकांनी डोळे पुसत पाहिलेली तारामती ती हीच!

पुढची गंमत तर ऐका. १९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये राम अण्णाच आणि सीताही अण्णाच! सीतेचे दंड जरा पिळदार दिसत म्हणे, पण लोक राम दिसला की पायातल्या चपला काढत. नंतर अण्णांनी कॅमेरा हाती घेतला. १९२२ चा ‘सत्यनारायण’ आणि १९२३ चा ‘बुद्धदेव’ यांचे चित्रण त्यांचे.

जपानातही तेव्हा सिनेमातल्या बायका पुरुषच होत. तेइनोसुके किनुगासा त्यांतलेच एक. पुढे ते दिग्दर्शक झाले आणि त्यांच्या १९५३ च्या एका चित्रपटाला फ्रान्समधल्या कान महोत्सवात सर्वांत मोठे बक्षीस मिळाले. किनुगासांचे नाव जगभर गेले, आमच्या अण्णांचे नाव पोरांच्या पालकांनाही ठाऊक नाही. मला तर याचा रागच येतो.

गोष्ट संपली तरी तो दाराआडच. तेवढ्यात त्याचे वडील पहिल्या शिफ्टहून आले. त्यांनी डबा खाली ठेवला, सगळे ऐकून घेतले.

“बाई,” ते म्हणाले, “लुगडं जरा वर खोचा उद्या. पायात येतंय, म्हणत होता.”

दाराआडून आवाज आला, “आणि मिशा नाहीत म्हणून बरंय!”