दोन आगगाड्यांच्या मधे

मूकपटांतला विनोदी नट बस्टर कीटन आमच्या पिढीला भेटला तो फिल्म सोसायटीच्या खोलीत, भिंतीवर ताणलेल्या चादरीवर. खुर्च्या कमी, उकाडा भरपूर. इंग्रजी पाटी आली की पुढच्या रांगेतलं कुणीतरी ती मोठ्याने मराठीत सांगायचं, आणि सांगता सांगता सगळ्यांच्या आधी हसायचं. आज त्याचा ‘वन वीक’ फोनवर हवा तेव्हा बघता येतो. पाटी सांगायला कुणी लागत नाही.

१९२० सालचा हा दोन रिळांचा मूकपट. नव्या जोडप्याला आहेरात खोक्यांत भरलेलं घर मिळतं. नंबर बघून भाग जोडायचे. मुलीने नाकारलेला एक जण नंबरच बदलून ठेवतो. घर वाकडंतिकडं उभं राहतं आणि वास्तुशांतीला जमलेल्या पाहुण्यांसकट वादळात गरगर फिरतं.

आमच्या वाट्याला आलेल्या प्रती ओरखड्यांनी भरलेल्या असत. मूकपट बोलपटाच्या वेगाने चालायचा, माणसं तुरुतुरु पळायची. आता दुरुस्त केलेल्या प्रतीत कीटनचे डोळे दिसतात. दगडी म्हणून गाजलेल्या त्या चेहऱ्यावर काळजी आहे, बायकोबद्दलची माया आहे. चादरीवर यातलं काहीच पोचत नव्हतं.

पण एक लघुपट संपून दुसरा लागेपर्यंत दिवे लागायचे, ते हवेहवेसे वाटायचे. ऑपरेटर फिल्म प्रोजेक्टरच्या दातऱ्यांवर चढवायचा, गेटच्या वर आणि खाली सैल लूप सोडायचा. लूप सुटला की चित्र थरथरायचं आणि मागून ‘लूप, लूप!’ असा ओरडा व्हायचा. तेवढ्या वेळात अनोळखी शेजाऱ्याबरोबर आधीच्या प्रसंगाची उजळणी होऊन जायची.

‘वन वीक’च्या शेवटी ते घर रुळांवर अडकतं. आगगाडी धडधडत येते, दोघं डोळे झाकून घेतात, गाडी शेजारच्या रुळावरून निघून जाते. सगळी खोली ‘हुश्श’ करायची. तोच उलट दिशेने दुसरी गाडी येऊन घराचा चुराडा करायची, आणि ‘हुश्श’ करणारेच खुर्च्यांवर हात आपटत हसायचे. ती मधली उसंत भरलेल्या थिएटरसाठी सोडलेली आहे, असं मला ठामपणे वाटतं. फोनवर दोन्ही गाड्या स्वच्छ दिसतात, उसंत मात्र रिकामी जाते. म्हणून ‘वन वीक’ मी एकट्याने बघत नाही. शेजारपाजारची मुलं जमली की भिंतीवर लावतो, आणि पाट्या मराठीत सांगतो.