सेंट पॉलच्या भाजीबाजारातलं युद्ध

सेंट पॉलमध्ये उन्हाळ्यात कोथिंबीर, मिरच्या, कारली घ्यायची तर मोंग भाजीवाल्यांकडेच जावं. विकणारी आजी सत्तरीपुढची. सुटे पैसे मोजणारी नात इथेच जन्मलेली. लाओसच्या डोंगरातले हे लोक मिनेसोटाच्या बर्फात कसे आले, हे इथल्या कित्येकांना आजही ठाऊक नाही. कसं असेल? लाओसमधलं ते युद्धच अमेरिकेने आपल्या लोकांपासून लपवून ठेवलं होतं.

१९६१ पासून सीआयए वांग पाओ या मोंग अधिकाऱ्याच्या माणसांना कम्युनिस्टांशी लढायला बंदुका पुरवत होती. १९६२ च्या जिनिव्हा कराराने लाओस तटस्थ ठरला. उत्तर व्हिएतनामने तो करार धाब्यावर बसवला आणि अमेरिकेनेही, तेही चोरून. दारूगोळा सीआयएच्याच एअर अमेरिका कंपनीच्या विमानांतून उतरायचा. मोठी माणसं मरत गेली तशी तेरा-चौदा वर्षांची पोरं भरती झाली. १९६४ ते १९७३ या काळात लाओसवर २० लाख टनांहून जास्त बॉम्ब पडले. न फुटलेले आजही शेतात कुदळ लागली की फुटतात.

बाजारातल्या एका गाळ्यात भरतकामाचं निळं कापड टांगलेलं असतं. वरच्या कोपऱ्यात विमानं, खाली पाठीवर पोरं बांधून पळणाऱ्या बाया, मग मेकाँग नदी. नदीत कुणी बांबूला धरून, कुणी टायरच्या ट्यूबवर. टाके इतके बारीक की प्रत्येक बाईच्या कमरपट्ट्याचा रंग वेगळा दिसतो. इथे येण्याआधी थायलंडच्या निर्वासित छावण्यांत बायकांनी अशी कापडं भरायला सुरुवात केली.

मे १९७५ मध्ये लाँग तिएंगच्या तळावरून विमानांनी वांग पाओ, त्याचे अधिकारी आणि त्यांच्या घरच्यांना उचललं. बाकीचे धावपट्टीवर राहिले. त्यांचं पुढे काय, हा प्रश्न उघड युद्धात कुणीतरी संसदेत उभं राहून विचारला असता. इथे अमेरिकन काँग्रेसलाही पुरतं सांगितलेलं नव्हतं. एवढी मोठी परवड नुसत्या नजरचुकीने झाली, हे मला मान्य नाही. गुप्ततेनेच ती ओढवली.

आणि ही परवड अजून संपलेली नाही. युद्ध कागदावर नव्हतं, म्हणून लढणारेही कागदावर सैनिक नव्हते. आर्लिंग्टनच्या लष्करी दफनभूमीत त्यांच्यासाठी स्मृतिशिला बसली १९९७ साली. नागरिकत्वासाठी इंग्रजीची अट सुटली २००० साली. राष्ट्रीय दफनभूमीत जागा मिळू लागली २०१८ साली. अमेरिकन सैनिकाला मिळते ती पेन्शन आणि दवाखान्याची सोय फेडरल सरकारने त्यांना अजून दिलेली नाही. मी इथे कर भरतो. त्यातून या म्हाताऱ्यांना त्यांचा वाटा मिळावा, आणि तो त्यांच्या हयातीत मिळावा.