जामिनाच्या सुनावणीत मृताचे घर

१/५
खुनाच्या खटल्यात आरोपीला वकील असतो, सरकारलाही असतो. मारल्या गेलेल्या माणसाचे घर मात्र बहुधा न्यायालयाच्या व्हरांड्यातच ताटकळत असे. जातीय अत्याचाराच्या खटल्यांत ते घर आत कसे आले, त्याची ही हकीकत.

२/५
१९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याने अटकपूर्व जामिनाची वाट बंद केली. अटकेनंतरच्या जामिनाची रीत मात्र जुनीच राहिली. विशेष न्यायालयाने तो नाकारला, की आरोपी उच्च न्यायालयात नव्याने अर्ज करी. मृताच्या घरच्यांना त्याची खबरही मिळेल, याची हमी नव्हती.

३/५
२६ जानेवारी २०१६ पासून कलम १४-अ लागू झाले. आता जामीन नाकारल्यास आरोपीने उच्च न्यायालयात अपील करायचे, तेही ९० दिवसांत. जामीन मिळाल्यास पीडित पक्षालाही अपिलाचा मार्ग खुला झाला. दाखल अपील शक्यतो तीन महिन्यांत निकाली काढावे, असेही कायदा सांगतो.

४/५
त्याच दुरुस्तीतील कलम १५-अ ने पीडिताला जामिनाच्या सुनावणीची सूचना मिळण्याचा आणि तेथे बोलण्याचा हक्क दिला. ‘पीडित’ या शब्दात नातेवाईकही येतात. राजस्थानातील एका खुनाच्या खटल्यात ही सूचना दिली गेली नव्हती. २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयाने दिलेला जामीन रद्द केला आणि ही तरतूद बंधनकारक ठरवली.

५/५
दोष सिद्ध होईपर्यंत आरोपीचे स्वातंत्र्य मोलाचेच. म्हणून तर अपील आहे. पण सुटलेला आरोपी अनेकदा त्याच गावात परततो, जिथे साक्षीदार राहतात. ती भीती न्यायाधीशांच्या कानी घालणारे माणूस त्या घरातलेच असते.