बटाट्याचे भरीत

भाषांतराचा व्यवसाय पत्करलेल्या माणसाला कोणता शब्द कोठे अडवील याचा नेम नसतो. पाककृतींच्या पानासाठी आलेला एक हिंदी मजकूर मराठीत उतरविताना 'चोखा' या शब्दापाशी माझी लेखणी थांबली. उकडलेला किंवा निखाऱ्यात भाजलेला बटाटा कुस्करून त्यात मीठ, मिरची, कांदा, लसूण आणि कच्चे मोहरीचे तेल कालविले, की पूर्वांचलात व बिहारात त्याला चोखा म्हणतात. मी 'भरीत' असा प्रतिशब्द योजला खरा. पण आमच्या भरितात दही असते आणि वर हिंगाची फोडणी असते. शेवटी दोन्ही शब्द शेजारी शेजारी छापले.

नावांचा घोटाळा या कंदाच्या नशिबीच आहे म्हणा ना! तो मूळचा दक्षिण अमेरिकेतील अँडीज पर्वताच्या प्रदेशातला. आपण पोर्तुगीजांकडून घेतलेला 'बटाटा' हा शब्द मुळात कॅरिबियन बेटांवरचा, आणि तेथे तो रताळ्याचे नाव होता. उत्तरेतला 'आलू' हा तर संस्कृतातला जुना शब्द. पूर्वी तो देशी कंदांना लावीत. म्हणजे या परदेशी पाहुण्याला आपण दोन्हीकडे दुसऱ्याच्याच नावाने हाक मारतो.

वडील गेल्यानंतर आईला मी सोलापूरहून लखनौला, अलीगंजमधील माझ्या घरी आणले. तिने कसलीही तक्रार केली नाही. फक्त तिचे जेवण तुटले. अर्धी पोळी, दोन घास भात, की झाले. डॉक्टरांना कोणताही दोष आढळला नाही. शेजारच्या चाची बलियाकडच्या. त्यांनी एके दिवशी वाटीभर चोखा आणून दिला. तेलाच्या उग्र दर्पाने आईने वाटी दूर सारली. चाची रागावल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी त्यांनी नुसता कुस्करलेला बटाटा आणला, मीठसुद्धा न घालता, आणि आपल्या हिंदीत म्हणाल्या, ''बहेनजी, यात तुमच्याकडचे काय घालायचे असेल ते तुम्हीच घाला.'' आई काही वेळ वाटीकडे पाहत राहिली. मग उठली, आणि या घरात आल्यापासून प्रथमच तिने मला हिंगाची डबी कोठे आहे ते विचारले.

तिची रीत सांगते. मध्यम आकाराचे चार बटाटे सालीसकट उकडावेत व गरम असतानाच हाताने कुस्करावेत. मिक्सरला मात्र लावू नयेत. त्याने पेशी फुटून पिष्ट बाहेर येते आणि भरिताची खळ होते. बटाटा कोमट झाल्यावर वाटीभर गोडसर दही, मीठ, चिमूटभर साखर व दोन चमचे दाण्याचे कूट घालावे. (कूट ही खास सोलापूरची खूण, पुण्याकडे नाके मुरडतील!) वरून मोहरी, जिरे, हिंग व हिरव्या मिरचीची फोडणी. उपवासाला हिंग-मोहरी वगळून तूप-जिरे.

बटाटा जुना घ्यावा. नव्यात पिष्ट कमी असल्याने तो नीट कुस्करला जात नाही. मात्र शीतगृहातून आलेला बटाटा पुष्कळदा गोड लागतो, कारण थंडीने त्यातील पिष्टाची साखर होते. असे बटाटे आठ-पंधरा दिवस घरात उघड्यावर, पण अंधाऱ्या जागी ठेवले, म्हणजे गोडवा बराच उतरतो. भारतात सर्वांत जास्त बटाटा पिकविणाऱ्या या उत्तर प्रदेशात हे ज्ञान भाजीवाल्यालाही असते.

ज्येष्ठातल्या मंगळवारांना येथे 'बडा मंगल' म्हणतात. अलीगंजच्या जुन्या हनुमान मंदिराला त्या दिवशी मोठी गर्दी लोटते आणि रस्तोरस्ती भंडारे लागतात. पुरी आणि बटाट्याची भाजी, ज्याला हवी त्याला. गेल्या ज्येष्ठात आई चाचींबरोबर मंदिरात गेली, रांगेत उभी राहून द्रोणातली भाजी घेऊन आली आणि म्हणाली, ''या गावाचे सारे पुण्य बटाट्यावरच चाललेले दिसते!''

मोहरीचे तेल ती अजून खात नाही. चाचीही आमच्या भरिताला हात लावीत नाहीत. बटाट्यात दही म्हणजे त्यांच्या मते आजाऱ्याचे पथ्य. तरी चोखा करताना चार बटाटे त्या जास्त उकडतात आणि भिंतीपलीकडून आईला हाक मारतात.