थोपवणारं नाव, चेतवणारं औषध

पुणे

चि. चिमूस,


तुझा प्रश्न नेमका आहे. तुमच्या कुत्र्यासाठी तिथल्या डॉक्टरांनी ‘सुप्रेलोरिन’ची कांडी सुचवली. नाव ऐकताच इंग्रजीतलं ‘सप्रेस’ आठवतं, म्हणजे हे संप्रेरकं दाबणारं औषध असणार. पण माहितीपत्रकात आतलं द्रव्य ‘डेस्लोरेलिन’ असल्याचं लिहिलंय, आणि ते तर संप्रेरक स्रवायला लावणाऱ्या गटातलं. यातलं खरं काय, असं तू विचारतेस. माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो: दोन्ही नावं खरी आहेत आणि दोन्ही अपुरी आहेत. एक नाव शेवट सांगतं, दुसरं सुरुवात सांगतं. मधले काही आठवडे कुठल्याच नावात नाहीत, आणि कुत्रा पाळणाऱ्याला नेमकं त्याच आठवड्यांत सावध राहावं लागतं.

बहुतेक औषधांना निदान दोन नावं असतात. एक कंपनीने ठेवलेलं, दुसरं जागतिक आरोग्य संघटनेने ठरवलेलं. संघटनेची ही व्यवस्था १९५० साली मान्य झाली आणि पहिली यादी १९५३ मध्ये निघाली. या नावांची खुबी त्यांच्या शेवटात असते. अमोक्सिसिलिनमधलं ‘सिलिन’ पेनिसिलिनशी नातं सांगतं, एटेनोलोल आणि मेटोप्रोलोल यांतलं ‘ओलोल’ बीटा ब्लॉकर ओळखायला पुरतं. तसंच ‘रेलिन’ म्हणजे मेंदूच्या तळाशी असलेल्या पीयूषिका ग्रंथीला संप्रेरक सोडायला लावणारं द्रव्य. त्याच्या उलट काम करणाऱ्यांसाठी वेगळा शेवट आहे, ‘रेलिक्स’. ही कुळं दाखवणारी अक्षरं कंपन्यांनी आपल्या व्यापारी नावात वापरू नयेत, असा आग्रह संघटनेने १९९३ च्या ठरावात धरला. ‘सुप्रेलोरिन’ नीट वाच: त्यात ‘रेलिन’ नाही, ‘लोरिन’ आहे. डब्यावरच्या मोठ्या अक्षरांत परिणामाची जाहिरात राहते, आणि कूळ कळायला खालची बारीक अक्षरं वाचावी लागतात.

हे कूळ जिच्यापासून निघालं ती मूळ संप्रेरक-साखळी दहा अमिनो आम्लांची आहे. अँड्र्यू शॅली यांच्या प्रयोगशाळेने डुकरांच्या मेंदूतून ती वेगळी करून १९७१ मध्ये तिची रचना सांगितली. रॉजर गिलमाँ मेंढ्यांच्या मेंदूवर तेच काम करत होते. १९७७ च्या वैद्यकाच्या नोबेलचा अर्धा वाटा या दोघांना मिळाला, उरलेला अर्धा रोझलिन यॅलो यांना. शरीरातलं हे संप्रेरक काही मिनिटांत मोडून जातं. म्हणून रसायनज्ञांनी त्याच्या जास्त टिकाऊ आणि जास्त जोरकस आवृत्त्या घडवल्या. डेस्लोरेलिनमध्ये सहाव्या जागेवरच्या ग्लायसिनऐवजी ट्रिप्टोफॅनचं आरशातलं रूप बसवलंय आणि दहाव्या जागेवरचं ग्लायसिन काढून टाकलंय. म्हणजे हेतूने पाहिलं तर हे औषध मुळापेक्षाही सवाई चेतवणारं आहे. त्यानेच संप्रेरकं दबतात याचं उत्तर अर्न्स्ट नोबिल यांच्या गटाने १९७८ मध्ये माकडांवरच्या प्रयोगातून दिलं. मेंदूतून येणारं नैसर्गिक संप्रेरक बंद केलेल्या माकडांना ते बाहेरून तासाला एकदा, थोडा वेळ दिलं, तेव्हा पीयूषिका नीट काम करत राहिली. तेच अखंड दिलं, तेव्हा ती गप्प झाली. पुन्हा तासातासाने दिल्यावर परत बोलू लागली. दाराची कडी कुणी तासाने एकदा वाजवली तर घरातलं माणूस उठून दार उघडतं. दिवसरात्र वाजतच राहिली तर पहिल्यांदा धावपळ होते आणि मग कुणी कान देत नाही. तुमच्या डॉक्टरांची कांडी हेच करते. वनस्पती तेलाच्या घट्ट आधारात बसवलेलं औषध ती त्वचेखाली महिनोन्‌महिने झिरपत ठेवते.

याचा सर्वांत बोलका पुरावा घोड्यांच्या तबेल्यातला आहे. याच डेस्लोरेलिनची २.१ मिलिग्रॅमची कांडी ‘ओव्ह्युप्लांट’ या नावाने विकली गेली, आणि तिचं काम होतं घोडीत बीज सुटायला लावणं. माजावर आलेल्या घोडीला ती दिली की साधारण ४८ तासांत बीज सुटतं, म्हणजे नराची वेळ जुळवता येते. एकाच द्रव्याची दोन नावं झाली: एक नाव बीज सोडवणारं, दुसरं ते थांबवणारं. गंमत पुढे आहे. काही घोड्यांमध्ये गर्भ राहिला नाही तर पुढचा माज बराच लांबू लागला. कारण काम झाल्यावरही कांडी झिरपत राहिली आणि पीयूषिका गप्प झाली. मग डॉक्टर ती सहज काढता येईल अशा जागी बसवू लागले आणि बीज सुटलं की काढून घेऊ लागले. दोन दिवस ठेवली तर ओव्ह्युप्लांट, तशीच राहू दिली तर तिचं वागणं सुप्रेलोरिनसारखं. आपल्याकडे महाराष्ट्रात गाय वारंवार उलटत असली, म्हणजे गाभण राहत नसली, की पशुवैद्य ब्युसेरेलिनचं इंजेक्शन देतात. तेही याच कुळातलं, पण एकदाच टोचलं जात असल्यामुळे बीज सुटायला मदत करतं. यावरून माझा मुद्दा उभा राहतो: चेतवणं की थोपवणं हे रेणू एकटा ठरवत नाही. मात्रा, देण्याची रीत आणि किती दिवस, या तिन्हींवर ते ठरतं. आणि नावात यांपैकी एकही मावत नाही.

यावर कुणी म्हणेल, मग ‘सुप्रेलोरिन’ हे फसवं नाव झालं. मला तसं वाटत नाही. हे औषध ऑस्ट्रेलियात पेप्टेक कंपनीने बाजारात आणलं, २००७ मध्ये युरोपीय संघाने परवानगी दिली, पुढे ते विर्बाक कंपनीकडे गेलं. परवानगी मिळाली ती नर कुत्र्याला तात्पुरतं वंध्य करण्यासाठी. ४.७ मिलिग्रॅमची कांडी निदान सहा महिने आणि ९.४ ची निदान बारा महिने तो परिणाम टिकवते. त्या काळात टेस्टोस्टेरॉन खाली येतं, वृषण लहान होतात, वीर्य निर्माण होत नाही. ज्या कामासाठी विकलं जातं ते काम नावाने प्रामाणिकपणे सांगितलंय. नाव खोटं नाही, फक्त घाईचं आहे. पोहोचायच्या ठिकाणाबद्दल बोलतं, वाटेबद्दल नाही.

दुसरा आक्षेप जास्त व्यवहारी आहे. पोहोचण्याशी मतलब, वाट कशाला माहीत हवी? कारण वाटेवरच ठेच लागते. कांडी बसवल्यावर पहिल्या दिवसांत टेस्टोस्टेरॉन कमी होण्याऐवजी वाढतं. ४.७ मिलिग्रॅमच्या कांडीचं माहितीपत्रकही पहिले सहा आठवडे कुत्र्याला माजावरच्या कुत्र्यांपासून दूर ठेवायला सांगतं. ‘दाबणारं औषध दिलंय’ एवढ्याच भरवशावर राहणारा माणूस नेमका याच काळात गाफील राहील. माणसांच्या वैद्यकातही हाच अनुभव आहे. प्रोस्टेटच्या कर्करोगात ल्युप्रोलाइड देतात, तेव्हा पहिल्या आठवड्यांतली ही उसळी धोक्याची ठरू नये म्हणून अनेकदा सोबत टेस्टोस्टेरॉनचा परिणाम अडवणारं दुसरं औषध देतात. (या औषधाचं आंतरराष्ट्रीय नाव ल्युप्रोरेलिन आहे, ‘ल्युप्रोलाइड’ या अमेरिकी नावात कुळाची खूण पुसली गेलीये.) प्राणिसंग्रहालयांत सिंहिणी-वाघिणींना डेस्लोरेलिनची कांडी देतात, तेव्हाही सुरुवातीचा माज टाळायला काही दिवस मेजेस्ट्रॉल देण्याची रीत आहे. थोपवणाऱ्या औषधाच्या आरंभाला थोपवायला आणखी एक औषध लागावं, यातच सगळं आलं. हे सगळं ‘रेलिन’ या तीन अक्षरांत लिहिलेलं आहे, वाचता आलं तर.

मग सरळ ‘रेलिक्स’च का देत नाहीत, हा तिसरा प्रश्न तुझ्या मनात येईलच. तीही औषधं आहेत. माणसांच्या वंध्यत्वाच्या उपचारांत सेट्रोरेलिक्स वापरतात, प्रोस्टेटच्या कर्करोगात डेगारेलिक्स. ती ग्रंथीचं दार पहिल्या क्षणापासून बंद करतात, उसळी येत नाही. पण त्यासाठी द्रव्य जास्त लागतं. डेगारेलिक्स तर दर महिन्याला टोचावं लागतं. काही मिलिग्रॅमची एक कांडी वर्षभर पुरते, ती ‘रेलिन’च्या सवाई जोरामुळेच. म्हणजे ज्या गुणामुळे सुरुवातीला उसळी येते, त्याच गुणावर वर्षभराची सोय उभी आहे. एक हवं आणि दुसरं नको, असं इथे चालत नाही.

एक शेवटचा घोळ मात्र लोकांच्या बोलण्यातला आहे. या कांडीला सर्रास ‘रासायनिक खच्चीकरण’ म्हणतात. खच्ची केलेला बैल कायमचा खच्ची होतो. इथे परिणाम उतरतो आणि बहुतेक कुत्र्यांत जननक्षमता परत येते, फक्त वेळ सारखा लागत नाही. लहान चणीच्या कुत्र्यांत परिणाम जास्त लांबतो. शिवाय हेच औषध अमेरिकेत कशासाठी यादीत आलं ते बघ: २०१२ मध्ये, फेरेट या मुंगसासारख्या पाळीव प्राण्याच्या अधिवृक्क ग्रंथीच्या विकारासाठी. ते फेरेट बहुधा आधीच खच्ची केलेले असतात. जननग्रंथी गेल्यामुळे पीयूषिकेला लगाम उरत नाही, तिच्या सततच्या हुकुमांनी अधिवृक्क ग्रंथीच लैंगिक संप्रेरकं तयार करू लागते, आणि मग कांडी पीयूषिकेला गप्प करते. ज्याचं खच्चीकरण आधीच झालंय त्याला ‘खच्चीकरणाचं औषध’ देतात, असं म्हणण्याला काही अर्थ आहे का? दाबली जाते ती पीयूषिका. बाकी सगळं त्याचं फळ. म्हणूनच कुत्र्याच्या स्वभावाबद्दलही फार आशा धरू नकोस. इतर कुत्र्यांवर चढणं, जागोजागी मुतणं, माजाच्या वासाने पळून जाणं यांना टेस्टोस्टेरॉनचा आधार असतो. ते कमी होऊ शकतं. भीतीपोटी चावणारा कुत्रा मात्र या कांडीने निर्भय होणार नाही.

तेव्हा कांडी बसवायची की नाही हे तुम्ही आणि तुमचे डॉक्टर ठरवा, पण नावावर विसंबून ठरवू नका. कांडी किती मिलिग्रॅमची, परिणाम कधीपासून धरायचा, आणि तोवर शेजारच्या कुत्र्यांबाबत काय काळजी घ्यायची, एवढं स्पष्ट विचारून घे. घरात कुणी गरोदर असेल तर तिने कांडी हाताळू नये, असंही पत्रकात आहे. आणि पुढे कधी कुठल्याही औषधाचा डबा हातात आला, की मोठ्या अक्षरांखालचं बारीक नाव आधी वाचत जा. मोठं नाव औषध का घ्यायचं ते सांगतं. घेतल्यावर कशावर लक्ष ठेवायचं, ते बारीक नावात शोधावं लागतं.

जावईबापूंना नमस्कार. उत्तर सवडीने लिही.

तुझा,
मामा