आलमारीतली धग

नवतपा म्हणजे काय, हे चंद्रपूरकराला सांगावं लागत नाही. २०१९च्या मे महिन्यात इथला पारा ४७ अंशांच्या पुढे गेला होता. ४३ असेल तर आम्ही 'आज जरा बरं आहे' म्हणतो. घरगुती राउटरच्या माहितीपत्रकात मात्र बहुतेकदा ४० अंशांची मर्यादा छापलेली असते.

आमच्याकडे फायबरचा डबा, राउटर आणि कॅमेऱ्यांचा रेकॉर्डर पश्चिमेच्या भिंतीतल्या आलमारीत आहेत. वायरी दिसू नयेत म्हणून दारं बंद. तिघांचे मिळून साधारण २५ वॅट. बंद पेटीत रात्रंदिवस बल्ब जळत ठेवावा, तसं ते.

भावाची मुलगी बारावीच्या क्लाससाठी आमच्याकडे राहते. भाऊ भामरागडकडे वनरक्षक आहे. वणव्याच्या दिवसांत त्याला सुटी नसते आणि रेंज सापडते ती रात्री आठच्या सुमारास. नेमकं तेव्हाच आमचं नेट मरायचं. दुपारभर तापलेली भिंत रात्री धग आत सोडते, हे थर्मामीटर ठेवल्यावर दिसलं. खोलीत ३८, आलमारीत ५०.

कूलरची हवा आलमारीत सोडावी, असं शेजाऱ्यांनी सुचवलं. पण ती ओली हवा यंत्रांना गंज चढवते. शेवटी सुताराकडून दारांना खाली-वर जाळ्या बसवून घेतल्या, वरच्या जाळीला हवा बाहेर फेकणारा कॉम्प्युटरचा लहान पंखा लावला, डबे भिंतीपासून सुटे केले. इन्व्हर्टरची बॅटरी बाहेरच ठेवली. तिचं आयुष्यही उष्णतेनं झपाट्यानं घटतं. आता आलमारी खोलीपेक्षा तीनेक अंशांनीच गरम असते. खोलीहून थंड ती होणार नाही. पंखा थंडी तयार करत नाही, तो फक्त धगेला वाट देतो. आमच्या जुन्या घरात हे काम कवेलूंच्या फटी करत. स्लॅब आला आणि ती वाट बुजली.

नेट आता टिकतं. आठ वाजता भावाचा चेहरा स्क्रीनवर येतो; दिवसभर जाळरेषेवर फिरून काळवंडलेला. राउटरला किती सोसतं, ते कंपनी छापून देते. भावाच्या नेमणुकीच्या कागदावर असा कुठला आकडा मी पाहिलेला नाही. फोन लागला की पुतणी अभ्यासाचं नंतर सांगते. आधी विचारते, "बाबा, आज सावली होती का कुठं?"